रोमचा एक दिवस: गाडीचा चालक आणि परवानाधारक मार्गदर्शक

युरोपची सहल आखणारे आप्तेष्ट दर वर्षी मार्च-एप्रिलच्या सुमारास मला आपापला कार्यक्रम दाखवतात आणि रोमच्या पानावर पोहोचले की समाधानाने सांगतात, ‘‘इथे आम्ही गर्दीत जाणार नाही, एका दिवसाची प्रायव्हेट टूर घेतली आहे, गाडी आणि गाइड दोन्ही आहेत.’’ मी तो कागद वाचतो. त्यावर आलिशान गाडी, इंग्रजी बोलणारा चालक, आठ तास आणि वाटेत दिसणाऱ्या पंधरा स्थळांची नावे असतात, आणि सर्वांत खाली बारीक अक्षरांत लिहिलेले असते की प्रवेशिका आणि मार्गदर्शक यांचा खर्च समाविष्ट नाही. म्हणजे गाडी ठरली आहे, गाइड ठरलेला नाही. हा घोळ मी इतक्या वेळा निस्तरला आहे की आता एकदाच सविस्तर लिहून ठेवणे सोयीचे वाटते.

घोळाला थोडी आपली भाषाही जबाबदार असावी. ‘मार्गदर्शक’ या शब्दाचा सरळ अर्थ वाट दाखवणारा असा होतो, आणि वाट तर चालकही दाखवतोच. जुना ‘वाटाड्या’ हा शब्द चालकाला अधिक शोभला असता. रोममध्ये ज्याला परवाना लागतो त्याचे काम वाट दाखवणे हे नव्हे, समोर जे दिसते आहे त्याचा अर्थ उलगडणे हे आहे. आपल्याकडच्या शब्दांत सांगायचे तर ते निरूपण आहे. चालक तुम्हाला देवळाच्या दारापर्यंत नेतो, निरूपणकार आत बसलेला असतो.

भाड्याच्या गाडीविषयी मराठी माणसाला मी वेगळे काय सांगणार? दिवसाचे भाडे, तासांची मर्यादा, चालकाचे जेवण, जास्तीच्या तासांचा हिशेब हे सारे तुम्हाला ठाऊक आहे, आणि रोममध्येही ते साधारण तसेच चालते. फरक एवढाच की तिथली टॅक्सी पांढरी असते आणि आगाऊ ठरवायच्या गाड्यांचा परवाना निराळा असतो. त्या गाड्यांवर ‘एनसीसी’ ही अक्षरे दिसतात. त्यांचा आपल्या शाळेतल्या कवायतीशी काहीही संबंध नाही, ‘चालकासह भाड्याची गाडी’ या अर्थाच्या इटालियन शब्दांची ती आद्याक्षरे आहेत. शहराच्या जुन्या भागात खासगी वाहनांना बंदी असलेले पट्टे आहेत, प्रवेशाच्या ठिकाणी कॅमेरे लावलेले आहेत, आणि तिथे शिरण्यासाठी असा परवाना उपयोगी पडतो. गाडीविषयी एवढे पुरे.

खरी मेख यापुढे आहे. इटलीत पर्यटन-मार्गदर्शक हा कायद्याने राखीव असलेला व्यवसाय आहे. त्यासाठी परीक्षा द्यावी लागते, अधिकृत नोंदणी लागते आणि ओळखपत्र जवळ बाळगावे लागते. 2023च्या डिसेंबरमध्ये झालेल्या नव्या कायद्याने ही व्यवस्था प्रांतोप्रांती निरनिराळी न ठेवता देशपातळीवर आणली आणि परवान्याविना हे काम करणाऱ्याला दंडाची तरतूद केली. चालकाचा परवाना हा सर्वस्वी वेगळा परवाना आहे. गाडीत बसल्या-बसल्या ‘डावीकडे पाहा, ती टायबर नदी’ असे सांगण्यापासून त्याला कोणी अडवत नाही, परंतु गाडी सोडून तुमच्याबरोबर कलोसियममध्ये येणे आणि तिथे माहिती सांगणे हे त्याचे काम नव्हे. तो येत नाही याचा अर्थ तो आळशी आहे असा होत नाही, त्याने येणे अपेक्षितच नसते. हाच नियम, मुंबई-पुण्याहून गटाबरोबर आलेल्या टूर मॅनेजरलाही लागू आहे. गटाची व्यवस्था पाहणारा सहचर आणि स्थळाची माहिती सांगणारा मार्गदर्शक हे इटलीत दोन निरनिराळे व्यवसाय मानले जातात, म्हणूनच एरवी अखंड बोलणारे आपले टूर मॅनेजर रोमन फोरमच्या, म्हणजे प्राचीन रोमच्या मुख्य चौकाच्या अवशेषांच्या, फाटकाशी येताच सूत्रे एखाद्या स्थानिक बाईंच्या हाती देऊन मागे उभे राहतात.

माझी स्वतःची पहिली खेप अशीच फसली. चालक सुस्वभावी होता, इंग्रजी उत्तम होते, गाडीत त्याने आम्हाला पुष्कळ हसवले. कलोसियमजवळ उतरवून तो म्हणाला, ‘‘दीड तासाने इथेच भेटू.’’ आम्ही चौघे रांगेकडे गेलो तेव्हा कळले की त्या दिवसाच्या आमच्या सोयीच्या वेळा केव्हाच संपल्या आहेत. उरलेला वेळ आम्ही त्या प्रचंड भिंतीला बाहेरून प्रदक्षिणा घालण्यात घालवला. ज्या कंपनीने गाडी दिली तिने काहीही खोटे सांगितले नव्हते. आम्ही ‘टूर’ हा शब्द वाचला आणि उरलेले सगळे मनानेच भरून घेतले.

आता कोणी विचारील की माहितीसाठी माणूस कशाला हवा, ती फोनवर मिळतेच. इतर शहरांपुरते हे म्हणणे मी मान्यही करीन, पण रोमन फोरमबद्दल नाही. फोरम हे पडझड झालेल्या दगडांचे मैदान आहे. मध्ययुगानंतर शतकानुशतके ते मातीखाली गाडलेले होते आणि त्यावर गुरे चरत असत, म्हणून त्याला ‘कांपो व्हाच्चिनो’, म्हणजे गुरांचे रान, असेच नाव पडले होते. तिथे सम्राट अँटोनायनस आणि त्याची राणी फॉस्टिना यांचे मंदिर उभे आहे. नवखा डोळा त्यात दहा उंच खांब पाहतो, छायाचित्र काढतो आणि पुढे जातो. जाणकार मार्गदर्शक तुम्हाला तिथे थांबवतो आणि खांबांच्या मागे असलेल्या चर्चच्या दाराकडे बोट दाखवतो. ते दार मंदिराच्या तळापासून कितीतरी वर, अधांतरी आहे. त्या दारातून बाहेर पाऊल टाकले तर माणूस खालीच कोसळेल. असे का? तर चर्चला ते दार मिळाले त्या काळी जमीनच तिथवर चढलेली होती. उत्खनन झाले, माती उपसली गेली आणि दार वरच लटकत राहिले. एका दाराकडे पाहून रोम किती खोल गाडले गेले होते हे पोटात शिरते. मग तो कपाळपट्टीवरचा लेख वाचून दाखवतो आणि सांगतो की मंदिर आधी फक्त दिवंगत राणीचे होते, सम्राट 161 साली वारल्यावर त्याचे नाव वरच्या ओळीत नंतर कोरले गेले. हे पाहायला पाच मिनिटे लागतात, पण तिथे थांबायचे हे कोणीतरी सांगावे लागते.

पँथिऑन या प्राचीन रोमन मंदिराचे उदाहरण तर चालक आणि मार्गदर्शक यांच्यातली रेघ अगदी ठळक करते. दर्शनी भागावर मोठ्या अक्षरांत लिहिलेले आहे की ल्युशियसचा पुत्र मार्कस अग्रिप्पा याने, तिसऱ्यांदा कॉन्सल, म्हणजे रोमचा सर्वोच्च निर्वाचित अधिकारी, असताना हे बांधले. आमच्या त्या गोड स्वभावाच्या चालकानेही तेच सांगितले होते, आणि भिंतीवर लिहिलेलेच सांगत असल्याने त्याला दोष देता येत नाही. परंतु अग्रिप्पाची इमारत केव्हाच जळून गेली. आज दिसते ती वास्तू सम्राट हेड्रियनच्या काळात, सुमारे 126 साली पूर्ण झालेली आहे, आणि जुन्या बांधकर्त्याचे नाव तिच्यावर मुद्दाम ठेवले गेले. विटांवर उमटवलेल्या शिक्क्यांवरून संशोधकांनी हा काळ ठरवला. त्यानंतर आत जाऊन 43.3 मीटर व्यासाचा तो घुमट पाहावा, जमिनीपासून त्याची उंचीही तेवढीच आहे हे ऐकावे आणि लोखंडाचा गज न वापरता केलेले ते काँक्रीट आजवर टिकले आहे हे डोळ्यांनी पडताळावे. जुलै 2023मध्ये इथे पर्यटकांना 5 युरोंची प्रवेशिका लागू झाली. ‘पँथिऑन फुकट आहे’ असे सांगणारी जुनी यादी अजून कोणाकडे असेल तर ती फाडून टाकावी.

मायकेलअँजेलोच्या चित्रांसाठी प्रसिद्ध असलेल्या व्हॅटिकनमधल्या सिस्टीन चॅपेलबाबत मात्र लोक मला पेचात पकडू पाहतात. तिथे बोलायला मनाई आहे, छायाचित्रांनाही मनाई आहे, मार्गदर्शकालाही गप्प राहावे लागते. मग त्याचे पैसे कशाला द्यायचे? उत्तर असे की त्याचे काम आत जाण्याच्या अर्धा तास आधीच उरकलेले असते. व्हॅटिकन संग्रहालयाच्या मोठ्या चौकात चित्रांचे फलक लावलेले आहेत. चांगला मार्गदर्शक तिथे तुम्हाला उभे करून छतावरच्या प्रसंगांचा क्रम लावून देतो, मायकेलअँजेलोने 1508 ते 1512 या काळात छत रंगवले आणि वेदीमागची ‘अंतिम निवाड्या’ची भिंत दोन दशकांहून अधिक काळानंतर रंगवली हे सांगतो, आणि त्या दोन्हींतल्या माणसांच्या शरीरांत काय बदल झाला तो कुठे शोधायचा हे दाखवतो. आत शिरल्यावर तुम्हाला काय पाहायचे आहे ते ठाऊक असते. ज्यांना हे कोणी सांगितलेले नसते ते मान वर करून गर्दीत दहा मिनिटे उभे राहतात आणि मान दुखू लागली की बाहेर पडतात.

या गैरसमजाचे मूळ बहुधा लंडनमध्ये आहे. तिथे ‘ब्लू बॅज’ हे मार्गदर्शकाचे अधिकृत मानचिन्ह मिळवलेले मार्गदर्शक असतात आणि त्यांच्यातले काही स्वतःच्या गाडीतून पर्यटकांना हिंडवतात. गाडी चालवणारा आणि निरूपण करणारा तिथे खरोखर एकच माणूस असू शकतो. युरोपची सहल पुष्कळदा लंडनपासून सुरू होते, आणि तिथला अनुभव घेऊन माणूस रोमला तीच अपेक्षा धरतो.

बाकीचे गोंधळ किरकोळ आहेत, ते भराभर सांगतो. ‘प्रायव्हेट’ म्हणजे केवळ तुमचे कुटुंब, ‘स्मॉल ग्रुप’ म्हणजे अनोळखी माणसांसह. ‘स्किप द लाइन’ लिहिलेले असले तरी तिकिटाची रांग टळते, सुरक्षा तपासणीची टळत नाही. व्हॅटिकनच्या संग्रहालयांचे तिकीट म्हणजे सेंट पीटरच्या बॅसिलिकाचे, म्हणजे तिथल्या भव्य चर्चचे, तिकीट नव्हे. बॅसिलिकात शिरायला पैसे लागत नाहीत, मात्र खांदे आणि गुडघे झाकलेले लागतात. संग्रहालये रविवारी बंद असतात, फक्त महिन्याचा शेवटचा रविवार त्याला अपवाद आहे.

मग गाडी कधी घ्यावी? जहाजाने येणाऱ्यांनी अवश्य घ्यावी, कारण त्यांचे बंदर चिव्हिताव्हेक्या हे रोमपासून सत्तरेक किलोमीटरांवर आहे. मात्र आठ तासांतले जाण्यायेण्याचे सुमारे तीन तास आधीच वजा धरावेत. बरोबर गुडघेदुखी असलेले आईवडील असतील तर गाडी हवी, कारण फोरमच्या फरसबंदीवर तरुणांचेही पाय मुरगळतात. जानिकुलम टेकडीवरून दिसणारे शहर, अव्हेंटाइन टेकडीवरच्या माल्टाच्या सरदारांच्या दाराचे ते प्रसिद्ध कुलुपाचे भोक, ज्यातून सेंट पीटरचा घुमट नेमका चौकटीत बसतो, आणि शहराबाहेरचा प्राचीन आप्पियन मार्ग, ही सारी ठिकाणे गाडीने सुखाची होतात. आप्पियन मार्गावरच्या भुयारी दफनभूमींत मात्र तुमचा स्वतःचा मार्गदर्शकही उपयोगाचा नाही, तिथे आत नेणारी माणसे त्या स्थळाचीच असतात. याउलट पँथिऑन, नव्होना चौक, ट्रेव्ही कारंजे आणि स्पॅनिश पायऱ्या ही मंडळी एकमेकांपासून चालण्याच्या अंतरावर आहेत, आणि त्यांच्यासाठी दिवसभराची गाडी घेणे म्हणजे तुळशीबागेत फिरायला गाडी करण्यासारखे आहे.

माझी पसंती मी लपवत नाही. एकच दिवस आणि मर्यादित खर्च असेल तर गाडी सोडावी आणि मार्गदर्शक घ्यावा. सकाळी तीन तास कलोसियम, फोरम आणि पॅलाटाइन टेकडी यांच्यासाठी, दुपारी तीन तास व्हॅटिकनसाठी, आणि मधला प्रवास साध्या टॅक्सीने. पंधरा ठिकाणी पाय टेकवण्यापेक्षा तीन ठिकाणी शहाणे होणे मला अधिक मोलाचे वाटते. ज्यांना दोन्ही परवडतात त्यांनी पैसे भरण्यापूर्वी कंपनीला लेखी विचारावे की कलोसियमच्या आत आमच्याबरोबर नेमके कोण येणार आहे, त्या व्यक्तीकडे मार्गदर्शकाचा परवाना आहे का, ती किती तास आमच्यासोबत राहील आणि प्रवेशिका कोण काढणार आहे. उत्तरात ‘आमचा चालक अतिशय जाणकार आहे’ असे वाक्य आले, तर मार्गदर्शक नाही असे समजावे.

मार्गदर्शक गाडीत बसणार असेल तर आसने मोजायला विसरू नये. चौघांचे कुटुंब, मार्गदर्शक आणि चालक मिळून सहाजण होतात आणि साध्या मोटारीत ते मावत नाहीत, तेव्हा व्हॅन सांगावी लागते. कलोसियमच्या प्रवेशिका ऑक्टोबर 2023पासून नावानिशी मिळतात आणि दारावर ओळखपत्र मागितले जाऊ शकते. आपल्या पासपोर्टावर स्वतःच्या नावाला जोडून वडिलांचे किंवा पतीचे नाव असते, आडनाव स्वतंत्र रकान्यात असते, आणि घाईत भरलेल्या अर्जात हे मधले नाव हमखास गळते. म्हणून कंपनीला नावे फोनवर सांगू नयेत, पासपोर्टावर जशी आहेत तशी अक्षरशः लिहून पाठवावीत.