स्ट्रोगनॉफचा सॉस फाटतो का, आणि मैदा त्याला कसा वाचवतो

बीफ स्ट्रोगनॉफ, म्हणजे परतलेलं बीफ आणि आंबट क्रीमचा सॉस अशी रशियन डिश, तिचा विषय निघाला की लोक मशरूम कुठले घ्यायचे, वाईन घालायची की नाही यावरच बोलत बसतात, पण माझं ठाम मत आहे की ही डिश जमते किंवा बिघडते ती दोनच ठिकाणी. एक म्हणजे मांस तव्यावर पडतं तेव्हा, आणि दुसरं म्हणजे आंबट क्रीम गरम सॉसमध्ये पडतं तेव्हा. पहिल्या ठिकाणी गॅस फुल्ल पाहिजे, दुसऱ्या ठिकाणी बंद. असं का ते एकदा समजलं की रेसिपी पाठ करायची गरजच उरत नाही.

स्ट्रोगानोव हे रशियातलं खूप जुनं श्रीमंत घराणं, मिठाच्या व्यापारातून वर आलेलं, त्यांचं नाव या डिशला मिळालं. एलेना मोलोखोवेत्स यांच्या रशियन गृहिणींसाठीच्या पाकपुस्तकात १८७१ साली ती छापून आली. तेव्हा बीफच्या पट्ट्या नव्हत्या, छोटे चौकोनी तुकडे होते, आणि मशरूम अजिबात नव्हते. बीफ, लोणी, मैदा, सूप (म्हणजे मांस-हाडं उकळून काढलेला रस), मोहरीची पेस्ट आणि शेवटी थोडंसं स्मेताना, म्हणजे रशियन आंबट क्रीम. मला तरी ही जुनी यादी फार आवडते कारण यातली एकेक वस्तू काहीतरी काम करते.

आधी मांस. इथे अंडरकट घ्यायचा, म्हणजे कण्याखालचा लांबट स्नायू. जनावर चालतं-फिरतं तेव्हा या स्नायूला फार कष्ट नसतात म्हणून त्यात कोलॅजन, म्हणजे स्नायूंना बांधून ठेवणारं चिवट प्रथिन, कमी, आणि कोलॅजन कमी म्हणजे चिवटपणा कमी. धाग्यांच्या आडवं कापायचं, म्हणजे प्रत्येक धागा एक सेंटिमीटरच्या आसपासच उरतो आणि दातांना तो तोडत बसावं लागत नाही. मांस साधारण ६५ अंशांच्या वर जायला लागलं की कोलॅजन आक्रसतं, आतलं पाणी पिळून बाहेर काढतं, आणि पातळ पट्टीला तिथपर्यंत पोचायला फार वेळ लागत नाही. म्हणून बाहेरून झटपट रंग आणि आत मऊ, हे दोन्ही एक-दोन मिनिटांतच साधायचं असतं.

तो तपकिरी रंग आणि वास येतो मेयार्ड अभिक्रियेमुळे, लुई-कामिल मेयार्ड या फ्रेंच शास्त्रज्ञाने १९१२ मध्ये तिचं वर्णन केलं. प्रथिनांमधले अमिनो आम्ल आणि साखर एकत्र येऊन शेकडो नवीन सुगंधी रेणू बनतात, पण ती जोरात सुरू होते १४० अंशांच्या आसपास. आता अडचण अशी की कच्च्या मांसात जवळपास ७५ टक्के पाणी असतं आणि पृष्ठभागावर पाणी आहे तोवर तिथलं तापमान १०० च्या वर जाऊच शकत नाही. एक ग्रॅम पाणी शून्यापासून १०० अंशांपर्यंत तापवायला जेवढी ऊर्जा लागते त्याच्या पाचपटीहून जास्त ऊर्जा त्याची वाफ करायला लागते! सगळं मांस एकदम पॅनमध्ये ओतलं की पॅन थंड पडतो, पाणी सुटतं, आणि मांस भाजण्याऐवजी स्वतःच्याच पाण्यात शिजून करडं होतं. त्यामुळे पट्ट्या कागदाने नीट टिपून कोरड्या करायच्या, जाड बुडाचा पॅन धूर यायच्या बेतात तापवायचा, आणि थोड्या थोड्या करून परतायच्या, प्रत्येक पट्टीभोवती मोकळी जागा पाहिजे. मग मांस बाजूला काढून ठेवायचं आणि त्याच पॅनमध्ये सॉस करायचा, कारण बुडाला चिकटलेला तपकिरी थर हीच खरी चव, ती सूप घातल्यावर सुटते.

आता स्मेताना. दूध आंबतं तेव्हा त्यातलं केसिन हे प्रथिन साधारण ४.६ पीएचला (पीएच म्हणजे आंबटपणाचं माप) एकमेकांना धरायला लागतं, त्यामुळेच दही लागतं. हे आंबट जाळं तापवलं की ते आणखी घट्ट आवळतं, पाणी बाहेर टाकतं, आणि सॉसमध्ये पांढऱ्या गुठळ्या दिसायला लागतात. दह्यात फॅट ३ ते ६ टक्के, म्हणून ते पटकन फुटतं. स्मेतानात फॅट बहुतेक वेळा १५ ते ३० टक्के, प्रथिनं त्या मानाने कमी, आणि फॅटचे थेंब मधे आल्यामुळे प्रथिनांना एकमेकांजवळ जाणं अवघड पडतं. म्हणून आपल्याकडे साधं दही वापरू नका, घट्ट चक्का आणि पॅकेटमधलं २५ टक्के फॅटचं फ्रेश क्रीम फेटून घ्या, चवीला बरंच जवळ जातं.

आणि मैदा. लोक समजतात तो सॉस दाट करायला आहे, दाट तर करतोच, पण त्याहून मोठं काम म्हणजे त्यातला स्टार्च पाणी पिऊन फुगतो आणि केसिनच्या कणांना एकत्र येऊ देत नाही. आपण कढीत ताकाला बेसन लावतो ते याचसाठी, नाहीतर उकळी आली की ताक फुटलंच. त्यामुळे लोण्यात मैदा परतून, सूप घालून, दोन-चार मिनिटं उकळून सॉस आधी पूर्ण तयार करायचा. मग गॅस बंद. चक्का-क्रीम फ्रीजमधलं थंडगार घालायचं नाही, त्यात आधी दोन चमचे गरम सॉस मिसळून ते कोमट करायचं आणि मगच पॅनमध्ये ओतायचं, नंतर उकळी नको.

मोहरीबद्दल एक सांगायलाच हवं. रशियात सारेप्ताची मोहरी प्रसिद्ध आहे, हे व्होल्गाकाठचं जर्मन लोकांनी १७६५ मध्ये वसवलेलं गाव, आज व्होल्गोग्राद शहराचाच भाग. ती मोहरी आणि आपली फोडणीतली राई, वनस्पती एकच, ब्रासिका जुन्सिया. तिचा तिखट वास उडून जाणाऱ्या रेणूंचा असतो, जास्त उकळला की गेला, म्हणून झणका हवा असेल तर पेस्ट शेवटी घाला, चवीला नुसती खोली हवी असेल तर सूपबरोबर.

मशरूम नंतर आले पण आले ते बरंच झालं. त्यात ९० टक्क्यांच्या आसपास पाणी, म्हणून ते मांसाबरोबर नाही, वेगळे परतायचे. पाणी आटेपर्यंत जास्त शिजले तरी लगदा होत नाही, कारण त्यांच्या पेशींच्या भिंती कायटिन नावाच्या टणक पदार्थाच्या असतात आणि कायटिन उष्णतेने विरघळत नाही. शिवाय मशरूममधलं ग्लुटामेट आणि मांसातलं इनोसिनेट एकत्र आले की उमामी, म्हणजे मांसासारखी भरीव चव, दोघांच्या बेरजेपेक्षा कितीतरी जास्त लागते.

अंडरकट मिळाला नाही तर? महाराष्ट्रात २०१५ पासून गाय-बैलाचं मांस बंद आहे, म्हशीचं मिळतं, आणि ते मोठ्या वयाच्या जनावराचं असेल तर कोलॅजन घट्ट विणलेलं असतं, दोन मिनिटांच्या भाजण्याला ते दाद देत नाही. तिथे उलट जायचं. तुकडे भाजून सूपमध्ये झाकण ठेवून मंद आचेवर दोन-अडीच तास, म्हणजे कोलॅजनचं हळूहळू मऊ, चिकट जिलेटिन होतं आणि तेच सॉसला अंगचा दाटपणा देतं. फक्त चक्का-क्रीम तेव्हाही अगदी शेवटी, गॅस बंद करूनच. आणि उरलेलं दुसऱ्या दिवशी गरम करताना पण मंद आचेवर, ढवळत, वाफ दिसायला लागली की उतरवायचं.