नदी आणि डोंगराचा हिशोब मांडणारा गिल्बर्ट

डोंगर, दऱ्या, नद्यांची पात्रं आज दिसतात तशी का आहेत, यावर आयुष्य घालवणाऱ्यांना भूरूपशास्त्रज्ञ म्हणतात. त्यातला माझा सगळ्यात आवडता माणूस म्हणजे अमेरिकेचा ग्रोव्ह कार्ल गिल्बर्ट (१८४३–१९१८).

१८७१ पासून तो सरकारी सर्व्हेबरोबर अमेरिकेच्या पश्चिम भागात फिरायला लागला. युटामधल्या हेन्री माउंटन्सवरचा त्याचा १८७७ चा रिपोर्ट आजही भारी वाटतो. खालून आलेला मॅग्मा, म्हणजे वितळलेला खडक, वरपर्यंत न पोचता खडकांच्या थरांमध्येच पसरला आणि वरचे थर घुमटासारखे उचलले गेले, हे त्याने दाखवलं. पण मला त्यातला झिजेचा भाग जास्त आवडतो. मऊ खडक पटकन झिजतो, कठीण खडक हळू, मग कठीण खडकाचा उतार जास्त तीव्र होत जातो, आणि उतार वाढला की झीजही वाढते, असं करत करत दोन्हीकडची झीज जवळपास सारखी होते. डोंगराचा आकार म्हणजे चालू असलेलं बॅलन्सिंग, एवढी साधी गोष्ट आधी कोणी इतकी नीट मांडली नव्हती!

मग बोनव्हिल सरोवर. युटामधलं आजचं ग्रेट सॉल्ट लेक हा त्याचा उरलेला तुकडा, हिमयुगात तिथे ३०० मीटरहून खोल पाणी होतं आणि त्याच्या जुन्या किनाऱ्यांच्या रेषा डोंगरांवर अजून दिसतात. एकाच पाण्याची रेषा सगळीकडे एकाच उंचीवर हवी ना? गिल्बर्टने मोजलं तर सरोवराच्या मधल्या भागातल्या रेषा कडेच्या रेषांपेक्षा वर निघाल्या. पाण्याच्या वजनाने जमीन खाली दबली होती, पाणी गेल्यावर परत वर आली. यावरचा त्याचा मोठा ग्रंथ १८९० ला आला.

आता गंमत बघा. चंद्रावरची विवरं धडकेतून झाली असं त्याने दुर्बिणीतून रात्र-रात्र बघून १८९३ मध्ये मांडलं, ते बरोबर. आणि ॲरिझोनातलं साधारण १.२ किलोमीटर रुंद विवर, जे खरंच उल्केचं, तिथे मात्र चुकला. जमिनीखाली लोखंडाचा मोठा गोळा असेल तर चुंबकीय सुई हलेल असा त्याचा अंदाज, सुई हलली नाही म्हणून त्याने वाफेचा स्फोट ठरवला. एवढ्या वेगाच्या धडकेत उल्केचा बहुतेक भाग वितळून-उडून जातो, हे तेव्हा कोणाला माहीत नव्हतं, त्यामुळे मी तरी त्याला फार दोष देत नाही.

त्याच काळात विल्यम मॉरिस डेव्हिस या अमेरिकन भूगोलतज्ज्ञाची थिअरी गाजत होती, म्हणजे भूप्रदेशाचं तारुण्य, प्रौढपणा, म्हातारपण वगैरे. वाचायला झकास, शिकवायला सोपी, आणि तीच वर्गावर्गात पोचली. गिल्बर्टची मोजमापाची पद्धत मात्र विसाव्या शतकाच्या मध्यावर लोकांनी परत उचलली.

उतारवयात तर त्याने बर्कलीत लाकडी पन्हळी बांधून त्यातून पाणी-वाळू सोडली आणि किती उताराला, किती पाण्याला किती वाळू वाहते ते मोजत बसला. कारण कॅलिफोर्नियात सोन्यासाठी पाण्याच्या जोरदार फवाऱ्यांनी टेकड्या फोडल्या होत्या आणि तो सगळा गाळ नद्यांत शिरून खालच्या शेतांवर पसरला होता. १९१७ च्या रिपोर्टमध्ये त्याने हिशोब दिला: हा मलबा पनामा कालव्यासाठी हलवलेल्या मातीच्या जवळपास आठपट, आणि तो नदीतून लाटेसारखा हळूहळू खाली सरकतोय. कोर्टाने १८८४ मध्येच अशा खाणकामाला चाप लावला होता, गाळ मात्र पुढची कित्येक दशकं सॅन फ्रान्सिस्कोच्या खाडीकडे वाहतच राहिला.