पुसलेल्या फिती आणि उरलेल्या प्रती

दूरचित्रवाणीच्या आरंभीच्या काळात बहुतेक कार्यक्रम स्टुडिओतून थेट प्रक्षेपित होत आणि संपताच नाहीसे होत. ते जपण्याचा एकच मार्ग होता, तो म्हणजे पडद्यासमोर फिल्मचा कॅमेरा लावून चालू चित्र टिपणे. १९५६ मध्ये अँपेक्स कंपनीने दोन इंच रुंद चुंबकीय फितीवर चित्र नोंदवणारे यंत्र आणले, तेव्हा जतनाचा प्रश्न सुटायला हवा होता. प्रत्यक्षात फीत महाग होती आणि ती पुसून पुन्हा वापरता येत होती. पुनःप्रक्षेपणावर कलाकारांशी झालेल्या करारांची बंधने होती आणि घरी कॅसेट लावून जुने कार्यक्रम पाहण्याची सोय अजून आलेली नव्हती. त्यामुळे एकदा दाखवलेल्या कार्यक्रमाला पुढे काही मोल उरेल, असे फारसे कोणाला वाटले नाही.

बीबीसीने १९७० च्या दशकाच्या अखेरीपर्यंत असंख्य फिती पुसल्या. 'डॉक्टर हू' या मालिकेचे १९६० च्या दशकातील अनेक भाग त्यात गेले. जे वाचले, ते बहुतांशी परदेशी वाहिन्यांना विकण्यासाठी काढलेल्या १६ मिलिमीटर फिल्मच्या प्रतींमुळे. २०१३ मध्ये त्यांतले नऊ भाग नायजेरियात सापडल्याचे जाहीर झाले. हरवलेल्या भागांचा आवाज मात्र आज ऐकता येतो, कारण काही प्रेक्षकांनी तो घरच्या टेपरेकॉर्डरवर नोंदवून ठेवला होता. या अनाम प्रेक्षकांचे ऋण मला संस्थांच्या कामाइतकेच मोठे वाटते.

बातम्यांच्या बाबतीत जाणीवपूर्वक प्रयत्न तुलनेने लवकर झाले. अमेरिकेतील व्हँडरबिल्ट विद्यापीठाने ऑगस्ट १९६८ पासून राष्ट्रीय वाहिन्यांची सायंकाळची बातमीपत्रे नोंदवायला सुरुवात केली. फ्रान्सने १९९२ च्या कायद्याने प्रक्षेपित कार्यक्रमांच्या प्रती जमा करणे बंधनकारक केले. तरीही दुपारचे कार्यक्रम, जाहिराती, निवेदकांची दोन कार्यक्रमांमधली निवेदने, म्हणजे प्रेक्षकांचा रोजचा अनुभव, सर्वांत कमी उरला आहे. म्हणूनच उरलेल्या चित्रणावरून त्या काळाचे अनुमान काढताना अभ्यासकाने सावध असायला हवे.

फीत सुरक्षित असली तरी ती वाचणारी यंत्रे आणि ती चालवणारे तंत्रज्ञ दुर्मीळ होत आहेत. आणि फीतच उरली नाही तर काय होते, याचे अपोलो ११ च्या चांद्रचित्रणाचे उदाहरण सर्वांत बोलके आहे. चंद्रावरून आलेल्या मूळ, अधिक स्पष्ट चित्रसंकेतांच्या फिती बहुधा पुसून पुन्हा वापरल्या गेल्या, असा निष्कर्ष नासाने २००९ मध्ये जाहीर केला. चित्रणाची सुधारित आवृत्ती तयार करताना त्यामुळे दूरचित्रवाणीच्या संग्रहांत राहिलेल्या प्रक्षेपणाच्या प्रतींचाच आधार घ्यावा लागला.