भीमाशंकर अभयारण्यात एक दिवस : निघण्याआधी हे वाचा

नोंदणीसाठी फोन करणारे बहुतेक जण दोन प्रश्न हमखास विचारतात. शेकरू, म्हणजे इथली ती मोठी खार, नक्की दिसेल ना? आणि दर्शन होईल ना? दोन्हींची उत्तरं इथेच देऊन टाकतो, म्हणजे गाडीत बसल्यावर कुणाचा विरस व्हायला नको. शेकरू बऱ्याचदा दिसतं, पण हमी देता येत नाही. दर्शन मात्र या सहलीत नाही.

दर्शन का नाही, ते सांगतो. पुण्यातल्या शिवाजीनगरहून मंचर, घोडेगाव, डिंभे, तळेघर असा रस्ता धरला की अंतर सव्वाशे किलोमीटरच्या आसपास पडतं. पहाटे चाकण पार केलं तर साडेतीन तास लागतात. उजाडल्यावर निघालं तर एकटी चाकणची वाहतूक कोंडीच किती वेळ खाईल याचा भरवसा नाही, आणि संध्याकाळी परतताना तर ती कुणालाच चुकत नाही. म्हणजे जाऊन-येऊन सात-आठ तास गाडीत गेले. हातात उरले जेमतेम सात. मंदिर खाली खोलगट जागेत आहे. दोनशेहून जास्त पायऱ्या उतरायच्या, तेवढ्याच चढायच्या आणि मधे रांग. सुट्टीच्या दिवशी ती रांग किती लांब असेल ते तिथे गेल्यावरच कळतं. एवढं सगळं आटोपून जंगलाच्या वाट्याला येणार दुपारचा तासभर, आणि नेमकं तेव्हाच जंगल गप्पगार असतं. मग ना दर्शन निवांत होत, ना जंगल बघून होत.

चिमाजी अप्पांनी १७३९ मध्ये पोर्तुगिजांकडून वसई घेतली, त्यानंतर तिकडून आलेली घंटा मंदिरापाशी आहे. ती बघण्यासारखी आहे हे आम्हालाही मान्य. ज्यांना देव आणि जंगल दोन्ही हवं आहे त्यांनी सरळ एक मुक्काम करावा. तसं सांगितलंत तर मुक्कामाची सोय कुठे होईल ते आम्ही सुचवतो, त्याचे वेगळे पैसे घेत नाही.

जंगलाविषयी थोडं

भीमाशंकर अभयारण्य १९८५ मध्ये जाहीर झालं, ते मुख्यतः शेकरूसाठी. क्षेत्र साधारण १३१ चौरस किलोमीटर. पुणे, ठाणे आणि रायगड अशा तीन जिल्ह्यांत ते पसरलेलं आहे. पूर्वेकडे घाटमाथा आणि पश्चिमेला सरळ कोकणात कोसळणारे कडे. आपण फिरतो तो यातला अगदी लहानसा तुकडा, घाटमाथ्यावरचा. दिवसभरात पाच-सहा किलोमीटर चालणं होतं, तेही रमतगमत. किलोमीटर मोजायचे असतील त्यांना ही सहल मिळमिळीत वाटेल, हे आत्ताच सांगितलेलं बरं.

खांडसहून शिडी घाटाने किंवा गणपती घाटाने चढून येणारा ट्रेक तो हा नव्हे. तो कर्जतच्या बाजूचा आणि तो आम्ही करत नाही. आहुपेची देवराई याच दिवशी जोडून द्या, असंही बरेच जण म्हणतात. नकाशावर आहुपे जवळ दिसतं, पण गाडीरस्ता डिंभ्याकडून वळसा घेऊन जातो. दोन्ही एका दिवसात बसवायचं तर सगळा दिवस खिडकीतून बघण्यात जाईल. आहुपेची सहल आम्ही वेगळी काढतो.

शेकरू बघायचं म्हणजे वर बघायचं

शेकरू हा महाराष्ट्राचा राज्यप्राणी. खार म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर बागेतली पाठीवर पट्टे असलेली खार येते. शेकरू तिच्याच गोतातलं, पण नाकापासून शेपटीच्या टोकापर्यंत जवळजवळ मीटरभर. वजन दीड-दोन किलो. पाठ तपकिरी-तांबूस, पोट फिकट आणि शेपूट भलीमोठी झुपकेदार. मागच्या दोन पायांनी फांदीला उलटं लटकून पुढच्या पायांत फळ धरून खातं. असं खाताना दिसलं तर दहा-दहा मिनिटं बघत उभं राहता येतं, कारण खाताना ते सहसा जागा सोडत नाही.

ते जमिनीवर क्वचितच उतरतं. त्याची सगळी ये-जा झाडांच्या शेंड्यांवरून चालते. सहा मीटरपर्यंतची उडी ते सहज मारतं, पण त्यापलीकडे अंतर गेलं की त्याची वाटच तुटली. म्हणून इथे एक मोठं झाड पडलं तर तोटा त्या एका झाडाचाच नसतो. अलीकडची आणि पलीकडची शेकरं एकमेकांना दुरावतात. जंगलाचं छत सलग राहणं त्यांच्यासाठी किती गरजेचं आहे ते वाटेत एक-दोन ठिकाणी प्रत्यक्ष दाखवता येतं.

शेकरू दिसलं नाही तरी त्याचं घरटं बहुतेक दिसतंच. उंच झाडाच्या बारीक फांद्यांच्या बेचक्यात काटक्या आणि पानांचा मोठा गोळा असतो. लांबून कावळ्याचं घरटं वाटतं, पण ते वरून उघडं असतं आणि हे सगळीकडून बंद. जड शिकाऱ्याला जिथवर पोचता येणार नाही अशा लवचीक टोकाला ते बांधलेलं असतं. एक शेकरू अशी अनेक घरटी बांधतं, सगळी वापरात असतातच असं नाही. त्यामुळे घरट्याखाली उभं राहून टाळ्या वाजवण्यात अर्थ नाही. टाळ्या वाजवणाऱ्याला आमचा वाटाड्या एकदा सांगतो, दुसऱ्यांदा त्याला गटाच्या शेवटी चालायला लावतो.

सकाळी आणि उन्हं कलल्यावर शेकरू हालचाल करतं, दुपारी विश्रांती घेतं. पहाटे पाचला निघायचा आमचा आग्रह त्यासाठीच आहे. साडेआठला पहिलं पाऊल जंगलात पडलं पाहिजे. आधी कान वापरा. पानांत जोरात सळसळ झाली आणि पाठोपाठ खर्र-खर्र असा कर्कश आवाज आला की थांबायचं, बोट दाखवायचं नाही, डोळे तेवढे वर न्यायचे. वानर असेल तर फांद्या एकामागून एक, बऱ्याच ठिकाणी हलतात. शेकरू असेल तर एकच फांदी हलते, मग क्षणभर काहीच नाही, मग पुढची.

बिबट्या इथे आहे. भेकर, सांबर आणि पिसोरी हा हरणासारखा चिमुकला प्राणीही आहे. दिवसाउजेडी, बारा माणसांच्या गटाला ते दिसतील अशी आशा ठेवू नका. ओलसर मातीत त्यांच्या खुणा मात्र सापडतात, आणि वाटाड्याची नजर तिथे आपल्यापेक्षा फार तयार असते.

कधी यावं

आमच्या मते सगळ्यात चांगला काळ डिसेंबर ते मार्च. हवा स्वच्छ असते, नागफणीच्या टोकाच्या बाजूने कोकणाकडचं दूरवरचं दिसतं आणि वाटा कोरड्या असतात. हिवाळा सरता सरता अंजनीला बहर येतो. फांदीला चिकटून आलेले जांभळट-निळ्या फुलांचे झुपके जवळून बघितले नसतील तर त्या दिवसांत या. एप्रिल-मेमध्ये ऊन असतं, पण बरंचसं जंगल सदाहरित असल्याने चालणं सावलीतून होतं. जांभूळ-करवंदांचे दिवस असतात, आणि फळं असतील तिथे शेकरूही असतं.

पावसाळ्यात या जंगलासारखं दुसरं काही नाही हे खरं, पण धुक्यात दहा पावलांपुढचं दिसत नाही. शेकरू बघायला येणाऱ्यांनी जुलै-ऑगस्ट टाळावा. शीळकरी कस्तूर ऐकायला येणाऱ्यांनी मात्र जून गाठावा. ओढ्याकाठी सकाळी हा पक्षी कुणीतरी निवांत शीळ घालत चाललंय अशी लकेर घेतो. श्रावणातले शनिवार-रविवार-सोमवार आणि महाशिवरात्रीच्या आसपासचे दिवस आम्ही सहल ठेवतच नाही. तेव्हा रस्ता आणि डोंगर दोन्ही भाविकांचे असतात.

जोराच्या पावसाचा इशारा असेल तर सहल रद्द होते, मग भले पुण्यात लख्ख ऊन पडलेलं असो. यावर हुज्जत घालू नये ही विनंती. ३० जुलै २०१४ रोजी सकाळी दरडीखाली गेलेलं माळीण गाव आपल्या वाटेवरच्याच आंबेगाव तालुक्यातलं. दीडशेवर माणसं त्यात गेली. घाटरस्त्यावर पुढे जायचं की मागे फिरायचं, हा निर्णय चालकाचा आणि वाटाड्याचा. पैसे भरलेत म्हणून तो बदलत नाही. आमच्याकडून सहल रद्द झाली तर पूर्ण रक्कम परत मिळते किंवा पुढची तारीख मिळते, तुम्ही म्हणाल तसं.

दिवस कसा जातो

मंचरला चहा-नाश्ता. तिथे पोटभर खाऊन घ्या, पण तर्रीदार मिसळ खाऊन पुढे घाटाच्या वळणांत त्रास होणारे आम्ही बरेच पाहिलेत. तेव्हा पोहे बरे. वनखात्याचं प्रवेशशुल्क आम्ही भरतो, पावती वाटाड्याजवळ असते.

सकाळची चाल गुप्त भीमाशंकर या जंगलातल्या ठिकाणाच्या वाटेने. भीमा नदी इथेच उगम पावते. पुढे पंढरपुरात जी चंद्रभागा म्हणून ओळखली जाते ती हीच, आणि इथे ती एका ढांगेत ओलांडता येईल एवढी असते. वाटेत झाडांना लोंबकळणाऱ्या मनगटाएवढ्या जाड वेली दिसल्या तर त्यांवर झोका घेऊ नका. त्यातली गारंबी असेल तर शेंग शोधा. हातभराहूनही लांब शेंग असते, विश्वास बसत नाही इतकी.

पावसाळी दिवसांत वाटेलगतच्या फांदीचा आधार घेण्याआधी फांदी नीट बघा. चापडा हा हिरवागार विषारी साप कमरेच्या, खांद्याच्या उंचीवरच्या फांदीवर तासन्‌तास निपचित पडून असतो. अंगावर धावून येत नाही, पण हात पडला तर चावतो. म्हणून हातात काठी ठेवायची, आणि झाडाला टेकायचं नाही.

दुपारचं जेवण गावातल्या एका घरी. इथली वस्ती प्रामुख्याने महादेव कोळी समाजाची. नाचणीची किंवा तांदळाची भाकरी, पिठलं, ठेचा, आमटी-भात, आणि मोसमात मिळाली तर रानभाजी. पनीर, चपाती, गोड पदार्थ मागू नका. ताईंनी वाढलं तेवढं खा, हवं असेल तर पुन्हा मागा. ताट टाकून देणं त्यांना आवडत नाही, आम्हालाही नाही. उन्हाळ्यात अंगणात बाळहिरडा, म्हणजे हिरड्याची कोवळी फळं, वाळत घातलेला असतो. ते घरातल्यांच्या वर्षाच्या कमाईतलं महत्त्वाचं उत्पन्न आहे. त्यावरून चालू नये आणि आठवण म्हणून मूठभर उचलूही नये.

जेवणानंतर अर्धा तास पडी. मग कड्याच्या बाजूला एक फेरी, आणि साडेतीनला गाडीत. रात्री आठपर्यंत शिवाजीनगर.

सोबत काय, आणि काय नको

बूट चांगली पकड असलेले हवेत. चपला, सॅंडल घालून आलेल्यांना जंगलात नेत नाही, ते गावात थांबतात. कपडे मळकट रंगाचे, पूर्ण बाह्यांचे. दोन लिटर पाणी. थंडीत सकाळपुरता स्वेटर, पावसात रेनकोट. छत्री फांद्यांत अडकते. दुर्बीण असेल तर आणा, आमच्याजवळ दोन आहेत त्या आळीपाळीने फिरतात. अत्तर आणि सेंट नको.

स्पीकर आणि ड्रोन आणू नका. दारू पिऊन आलेल्याला गाडीत घेत नाही आणि पैसेही परत करत नाही. माकडा-वानरांना बिस्किटं देऊ नका, पिशवी हातात लोंबकळत ठेवू नका. पाकिटबंद खाऊ आणलात तर पाकीट परत पुण्याला येतं. आणि १९७२ चा वन्यजीव संरक्षण कायदा इथे लागू आहे. फूल, शेंग, पीस काहीही उचलून आणायचं नाही. मुलांना हे आदल्या रात्रीच सांगून ठेवा, तिथे गेल्यावर रडारड होते.

घोडेगाव सोडलं की मोबाईलला रेंज कधी असते, कधी नसते. घरी तसं सांगून निघा.

नोंदणी

एका गटात बारा जण, सोबत आमचा एक माणूस आणि गावातला एक वाटाड्या. आठ वर्षांखालची मुलं नकोत. साठीच्या पुढचे काका-काकू आमच्याबरोबर आनंदाने चालतात, फक्त गुडघ्यांचा किंवा श्वासाचा त्रास असेल तर आधी फोनवर बोलून घ्या. दमा, मधुमेह, मधमाशीच्या डंखाची ॲलर्जी यातलं काहीही असेल तर ते लपवू नका आणि नेहमीची औषधं बरोबर ठेवा. जवळचं मोठं गाव बरंच लांब आहे.

दरात गाडी, नाश्ता, जेवण, प्रवेशशुल्क आणि वाटाड्याचं मानधन आलं. वाटाड्याला वर काही द्यायचं असेल तर ते तुमच्या खुशीवर. तीन दिवस आधीपर्यंत कळवलं तर पूर्ण पैसे परत, त्यानंतर निम्मे, आदल्या रात्री काहीच नाही, कारण तोवर भाकरीचं पीठ दळून झालेलं असतं. व्हॉट्सॲपवर नाव, वय, रक्तगट, घरच्या एका माणसाचा नंबर आणि गाडीत कुठे बसणार ते पाठवा : स्वारगेट ४.४५, शिवाजीनगर ५.००, नाशिक फाटा ५.२५. गाडी कुणासाठीही पाच मिनिटांवर थांबत नाही.