कार्बनच्या समस्थानिकांचा पॉझिट्रॉन-क्षय

अणुकेंद्रातील एका प्रोटॉनाचे न्यूट्रॉनात रूपांतर होऊन पॉझिट्रॉन, म्हणजे इलेक्ट्रॉनाइतक्याच वस्तुमानाचा पण धन विद्युत्भाराचा कण, आणि न्यूट्रिनो बाहेर पडतात, या क्रियेस पॉझिट्रॉन-क्षय म्हणतात. विदर्भातील शेताच्या धुऱ्यावर रचलेल्या पऱ्हाटीतला जवळजवळ सर्व कार्बन स्थिर असतो. त्यात सुमारे 99 टक्के कार्बन-12 आणि उरलेला कार्बन-13 असतो. प्रोटॉन तेवढेच पण न्यूट्रॉन कमी-जास्त असलेल्या एकाच मूलद्रव्याच्या अशा प्रकारांना समस्थानिक म्हणतात. ज्या अणुकेंद्रात न्यूट्रॉन कमी पडतात, तेच या मार्गाने क्षय पावते. कार्बन-10 चे अर्धायुष्य, म्हणजे निम्मे अणू क्षय पावण्यास लागणारा काळ, 19.3 सेकंद आहे, तर कार्बन-9 चे सेकंदाच्या आठव्या भागाएवढे. उपयोगाच्या दृष्टीने महत्त्व कार्बन-11 चे आहे. त्याचे अर्धायुष्य सुमारे 20.4 मिनिटे असून क्षयानंतर स्थिर बोरॉन-11 उरतो.

हा समस्थानिक 1934 मध्ये क्रेन व लॉरिट्सन या भौतिकशास्त्रज्ञांनी बोरॉनवर ड्यूटेरॉनांचा, म्हणजे एक प्रोटॉन व एक न्यूट्रॉन असलेल्या जड हायड्रोजनच्या अणुकेंद्रांचा, मारा करून मिळवला. 1939 मध्ये रुबेन, हॅसिड आणि केमेन यांनी त्याच्या साहाय्याने जवाच्या पानांतील प्रकाशसंश्लेषणाचा माग काढला. मात्र प्रयोग रंगात येईपर्यंत अणूच संपून जात. या अडचणीतूनच दीर्घायुषी समस्थानिकाचा शोध सुरू राहिला आणि 1940 मध्ये रुबेन व केमेन यांना कार्बन-14 सापडला. नागपूर जिल्ह्यातील नैकुंडसारख्या महापाषाणीय स्थळांवरच्या कोळशाचे वय ज्यावरून काढतात, तो हाच. तो मात्र इलेक्ट्रॉन उत्सर्जित करून नायट्रोजन-14 होतो. दोन्ही क्षय एकच समजण्याची चूक वारंवार होते, म्हणून हे मुद्दाम नोंदवणे आवश्यक आहे.

कार्बन-11 रुग्णाच्या शरीरात सोडला की त्यातून निघालेला पॉझिट्रॉन ऊतीत साधारण मिलिमीटरभर जाऊन एखाद्या इलेक्ट्रॉनाशी भिडतो. दोघेही नष्ट होतात आणि प्रत्येकी 511 किलोइलेक्ट्रॉन-व्होल्ट ऊर्जेचे दोन गॅमा फोटॉन जवळजवळ विरुद्ध दिशांना निघतात. रुग्णाभोवतीचे शोधकांचे कडे ते एकाच वेळी टिपते. पेट स्कॅन, म्हणजे पॉझिट्रॉनांच्या साहाय्याने शरीराच्या आतले चित्र काढणारी तपासणी, हिची प्रतिमा अशा असंख्य जोड्यांतून तयार होते.

कार्बन-11 सायक्लोट्रॉनमध्ये, म्हणजे विद्युत्भारित कणांना प्रचंड वेग देणाऱ्या यंत्रात, नायट्रोजनवर प्रोटॉनांचा मारा करून बनवतात, आणि तो तेथेच वापरावा लागतो. नागपूरहून गडचिरोलीच्या वाटेला तीन तास धरले, तर पोहोचेपर्यंत मूळ मात्रेचा सुमारे साडेचारशेवा भागच उरेल. म्हणून या तपासणीसाठी खेड्यातल्या रुग्णालाच सायक्लोट्रॉन असलेल्या केंद्रापर्यंत जावे लागते. पेट स्कॅनसाठीच वापरल्या जाणाऱ्या, 110 मिनिटे अर्धायुष्य असलेल्या फ्लोरिन-18 चा मात्र तेवढ्याच प्रवासानंतर जवळपास एक-तृतीयांश भाग शिल्लक असतो.