स्पॅनिश लोक अ‍ॅझटेकांना खरंच 'देव' वाटले होते का? थोडी पार्श्वभूमी

स्पॅनिश सेनानी कोर्तेस आला, अ‍ॅझटेकांचा राजा मोक्तेसुमा कैद झाला, १३ ऑगस्ट १५२१ ला त्यांचं राजधानीचं शहर तेनोच्तित्लान पडलं, ही गोष्ट बहुतेकांना माहीत असते म्हणून परत सांगत नाही. मला बोलायचंय ते त्या गोष्टीला चिकटलेल्या एका वाक्याबद्दल, की तिथल्या लोकांनी गोऱ्यांना देव मानलं आणि म्हणून ते हरले. शाळेच्या पुस्तकापासून यूट्यूबपर्यंत सगळीकडे हेच ऐकू येतं.

आधी नावाचं. 'अ‍ॅझटेक' हे नाव त्या लोकांनी स्वतःसाठी रोजच्या बोलण्यात वापरलेलं नाही, ते त्यांच्या दंतकथेतल्या मूळ गावावरून, अस्त्लानवरून, नंतरच्या लेखकांनी रुजवलं, आणि खरं चाललं ते १९व्या शतकात. तळ्यातल्या तेनोच्तित्लान शहरातले लोक स्वतःला मेशिका म्हणायचे, त्यावरूनच मेक्सिको. त्यांची भाषा नावात्ल, पण ती भाषा बोलणारी बाकी डझनावारी गावं-राज्यं मेशिका नव्हती, आणि त्यातली बरीचशी मेशिकांना खंडणी देऊन वैतागलेली होती. हे डोक्यात नसेल तर पुढचं काहीच नीट लागत नाही.

आता तो शब्द. तेओत्ल. स्पॅनिश सैनिकांनी तो 'तेउल' असा ऐकला, अर्थ लावला देव, आणि घरी जाऊन तसं सांगितलं. पण नावात्लमध्ये हा शब्द फार लांब पसरलेला आहे. सोन्याला तिथे म्हणायचे तेओक्वित्लात्ल, म्हणजे शब्दशः तेओत्लची विष्ठा. समुद्राला तेओआत्ल, तेओत्लचं पाणी. सणात ज्या माणसाला देवतेचा पोशाख घालून मिरवायचे आणि शेवटी बळी द्यायचे तोही तेवढ्या काळापुरता तेओत्लच. म्हणजे अचाट, भयंकर, आपल्या आवाक्याबाहेरचं असं जे काही असेल त्याला हा शब्द लागू शकायचा. मराठी माणसाला हे कळायला खरं तर जड जाऊ नये. आपण 'देवी आल्या' म्हणतो ना? अंगभर फोड आलेल्या पोराच्या उशाशी बसलेली आई तो शब्द आनंदाने नाही म्हणत, भीतीने म्हणते, आणि त्या रोगाने हरखून जाऊन कुणी शरण गेलं असा अर्थ त्यातून कुणी काढत नाही. आणि त्याच देवींच्या साथीने १५२० मध्ये तेनोच्तित्लानमध्ये घराघरात मुडदे पाडले, उठून पाणी द्यायला माणूस उरला नाही. शहर पडण्यामागे त्या साथीचा वाटा 'देव' वाटण्यापेक्षा कितीतरी मोठा आहे.

मग देवाची गोष्ट आली कुठून? कोर्तेसने स्पेनच्या राजाला स्वतः लिहिलेल्या पत्रांत आपल्याला देव समजले असं कुठेही नाही, आणि तो काही स्वतःची स्तुती लपवणारा माणूस नव्हता. १५२० च्या पत्रात मोक्तेसुमाच्या तोंडी एक भाषण आहे, त्यात पूर्वी निघून गेलेला राजा परत येणार होता असं येतं, पण राजा, देव नाही. तो परत येणारा म्हणजे केत्साल्कोआत्ल देव, ही जोडणी लिखाणात दिसते ती पुढे वीसेक वर्षांनी, मिशनऱ्यांच्या वह्यांमध्ये.

आणि सगळ्यात भरघोस रूपात ती येते १५७० च्या दशकात पुऱ्या झालेल्या १२ भागांच्या प्रचंड हस्तलिखितात, जे आज फ्लॉरेन्सच्या ग्रंथालयात आहे. पानावर दोन कॉलम, डावीकडे स्पॅनिश, उजवीकडे नावात्ल, स्पॅनिश मजकूर बऱ्याच ठिकाणी आखडता आणि उरलेल्या जागेत चित्रं. बारावा भाग ह्या लढाईचा. त्यात मोक्तेसुमाचे दूत जहाजावर जाऊन कोर्तेसला फिरोजा खड्यांचा मुखवटा आणि पिसांचा साज चढवतात, तो विचारतो एवढंच का, मग त्यांना बेड्या घालून तोफ उडवतो आणि ते बेशुद्ध पडतात. अपशकुनांची यादीही ह्यातच आहे. पण हे लिहिणारे स्थानिक लेखक कोण होते? १५३६ मध्ये त्लातेलोल्कोला सुरू झालेल्या मिशनरी शाळेत लॅटिन शिकलेली सरदारांची मुलं. बाप-आजे का हरले, ह्याचं उत्तर त्यांना हवं होतं, आणि त्लातेलोल्को हा तेनोच्तित्लानचा जुना शेजारी-दुश्मन, त्यामुळे सगळा दोष घाबरट मोक्तेसुमावर आणि सगळी मर्दुमकी त्लातेलोल्कोच्या योद्ध्यांची असं चित्र त्यात उमटलंय. मी हा मजकूर खोटा म्हणत नाहीये, उलट मला तो फार जवळचा वाटतो. स्पॅनिश लोक सोनं बघून माकडांसारखे झडप घालत होते, हे वाक्य त्याच नावात्ल कॉलममधलं आहे. देव मानणारा माणूस असं लिहील का?

त्लाश्काला ह्या शेजारच्या राज्याच्या वागण्यातही देव मानल्याचं दिसत नाही. ह्या राज्याने सप्टेंबर १५१९ मध्ये स्पॅनिशांशी आधी सरळ लढाई केली, आणि मग मैत्री केली. मेशिकांनी त्लाश्कालाला वेढून टाकलेलं, मीठ आणि कापूस मिळू द्यायचे नाहीत, म्हणून हा हिशेब. शहराला वेढा घालणाऱ्या सैन्यात स्पॅनिश काही शे होते आणि स्थानिक दोस्त हजारोंनी. पुढे त्लाश्कालाच्या लोकांनी स्वतःच्या पराक्रमाची चित्रं कापडावर रंगवून घेतली आणि ती दाखवून सवलती मागितल्या. १५६० मध्ये वेहोत्सिंको गावाच्या कारभाऱ्यांनी स्पेनच्या राजाला नावात्लमध्ये पत्र लिहिलं, की आम्ही तुमच्या माणसांना जेवू घातलं, होड्यांना लाकूड आणि राळ दिली, कधी उलटलो नाही, आणि तुम्ही आमच्यावर एवढा कर लादलात. ते पत्र वाचताना गळा दाटतो. त्यांच्या मते ते हरलेले नव्हतेच, जिंकणाऱ्यांच्या बाजूचे होते, आणि चाळीस वर्षांनी कळलं की तसं कुणी धरत नाही.

आज मेक्सिकोत त्लाश्कालाला गद्दार म्हणायची सवय आहे आणि मला ती अन्यायाची वाटते, कारण तेव्हा मेक्सिको नावाचा देशच नव्हता, गद्दारी कुणाशी करणार. त्लातेलोल्कोच्या चौकात एक शिलालेख आहे, तो सांगतो की हा ना विजय ना पराभव, आजच्या मिश्र समाजाचा वेदनादायक जन्म होता. ही मांडणी बरीच वर्षं चालली, पण त्यात आजही नावात्ल बोलणारे लोक कुठे बसतात हे कळत नाही. २०१९ मध्ये मेक्सिकोच्या तेव्हाच्या राष्ट्राध्यक्षांनी स्पेनच्या राजाला माफी मागायला सांगणारं पत्र पाठवलं, स्पेनने नकार दिला. २०२१ मध्ये ५०० वर्षं झाली तेव्हा शेकडो स्पॅनिश मारले गेले त्या ३० जून १५२० च्या रात्रीचं नाव 'दुःखाची रात्र' वरून 'विजयाची रात्र' केलं गेलं, त्या रात्रीच्या नावाच्या चौकाची पाटीसुद्धा बदलली. त्या रात्री स्पॅनिशांबरोबर त्लाश्कालाचेही पुष्कळ मेले, पण नव्या पाटीत त्यांना जागा नाही, जुन्या पाटीतही नव्हती.

२०२० च्या जनगणनेत नावात्ल बोलणारे साडेसोळा लाखांच्या आसपास भरले. फ्लॉरेन्सचं ते हस्तलिखित पानापानासकट ऑनलाइन आहे, कुणालाही उघडता येतं. आणि डहाणू-घोलवडकडे आपण ज्याला चिकू म्हणतो तो शब्दही मुळात ह्याच भाषेतून स्पॅनिशमार्गे आलाय.