द व्हाइट स्ट्राइप्स

द व्हाइट स्ट्राइप्स ही अमेरिकेतील मिशिगन राज्यातल्या डेट्रॉइट शहरात १९९७ साली उदयास आलेली इंडी (मोठ्या रेकॉर्ड कंपन्यांबाहेरचे संगीत) आणि गॅरेज रॉक (साधे, ओबडधोबड धाटणीचे रॉक) संगीतद्वयी होय. गायन, गिटार आणि पियानो ही बाजू जॅक व्हाइट (जन्म ९ जुलै १९७५) यांच्याकडे, तर ड्रमवादन मेग व्हाइट (जन्म १० डिसेंबर १९७४) यांच्याकडे होते. १९९९ ते २००७ या काळात या दोघांचे सहा अल्बम प्रसिद्ध झाले आणि २ फेब्रुवारी २०११ रोजी त्यांनी संच विसर्जित केल्याचे जाहीर केले. रॉक संगीताच्या संचात गृहीत धरले जाणारे बेस गिटार हे खालच्या स्वरांचे वाद्य त्यांच्याकडे नव्हते. ही उणीव पैशांच्या किंवा माणसांच्या अभावी राहिलेली नसून ती जाणूनबुजून पाळलेली अट होती, आणि या संचाची वाटचाल समजून घेण्याची किल्ली अशा अटींमध्येच आहे.

जॅक यांचे मूळ नाव जॉन अँथनी गिलिस. दहा भावंडांतील सर्वांत धाकटे असलेले जॅक तरुणपणी सोफे-खुर्च्यांच्या गाद्या आणि कापड बदलण्याचे काम शिकले आणि पुढे त्यांनी त्याच कामाचे स्वतःचे छोटे दुकान थाटले. ‘थर्ड मॅन’ हे दुकानाचे नाव त्यांनी नंतर आपल्या रेकॉर्ड कंपनीलाही दिले. संगीतात ते मुळात ड्रमवादक होते. १९९६ साली मेग यांच्याशी विवाह झाल्यावर त्यांनी पत्नीचे आडनाव घेतले. पुढच्या वर्षी मेग यांनी सहज म्हणून ड्रमवर हात टाकला, तेव्हा त्यांच्या शिक्षणावाचूनच्या, सरळ आणि ठोस ठेक्यात जॅक यांना आपल्याला हवे ते संगीत सापडले व ते स्वतः गिटारकडे वळले. त्याच उन्हाळ्यात डेट्रॉइटच्या ‘गोल्ड डॉलर’ या लहानशा बारमध्ये दोघांनी वादन सुरू केले. दोघांचा २००० साली घटस्फोट झाला, मात्र संच चालू राहिला. लोकांसमोर ते आपण बहीणभाऊ असल्याचे सांगत, आणि विवाहाची व घटस्फोटाची कागदपत्रे उजेडात आल्यानंतरही त्यांनी हे सोंग सोडले नाही. त्यामागे केवळ खोडकरपणा नव्हता. नवरा-बायको म्हटले की श्रोते गाण्याऐवजी संसाराची चौकशी करू लागतात, ही जॅक यांची भूमिका पटण्यासारखी होती. अर्थात सोंगामुळे चौकशी कमी झाली नाही, उलट वाढलीच.

लाल, पांढरा आणि काळा या तीन रंगांपलीकडे कपडे, वाद्ये वा अल्बमची वेष्टने जायची नाहीत, हा दुसरा नियम. मेग यांच्या मोठ्या ड्रमवर पेपरमिंटच्या गोळीसारखे लाल-पांढरे पट्टे रंगवलेले असत. तीन या आकड्याचे जॅक यांना विलक्षण आकर्षण होते, आणि संगीताचे घटकही त्यांनी तीनच मानले : आवाज, गिटार किंवा पियानो, आणि ड्रम. ब्लूज या अमेरिकी कृष्णवर्णीयांच्या संगीतातील जुन्या गायकांविषयीची त्यांची निष्ठा उघड होती. १९९९ चा पहिला अल्बम ब्लूज गायक सन हाऊस यांना अर्पण केलेला आहे. ‘दे स्टाइल’ (२००० ) या दुसऱ्या अल्बमला मोजक्या रंगांवर आणि सरळ रेषांवर भर देणाऱ्या डच कलाचळवळीचे नाव आहे, आणि तो ब्लाइंड विली मॅकटेल या ब्लूज गायकाबरोबरच डच रचनाकार खेरिट रीटफेल्ट यांनाही अर्पण केलेला आहे. खुर्च्यांशी रोजचा संबंध आलेल्या माणसाने खुर्चीच्या रचनेसाठी प्रसिद्ध असलेल्या कलावंताला मान द्यावा, यात एक आतली संगती दिसते.

मेम्फिसमध्ये आठवडाभराच्या आत ध्वनिमुद्रित झालेल्या ‘व्हाइट ब्लड सेल्स’ (२००१) या तिसऱ्या अल्बमने संचाला डेट्रॉइटबाहेर नेले. ब्रिटनच्या दौऱ्यात रेडिओ निवेदक जॉन पील यांनी त्यांचे कौतुक केले. ‘फेल इन लव्ह विथ अ गर्ल’ या दोन मिनिटांहूनही कमी लांबीच्या गाण्यासाठी मिशेल गोंद्री यांनी लेगोच्या ठोकळ्यांतून केलेली चित्रफीत दूरचित्रवाणीवर गाजली.

पुढचा ‘एलिफंट’ (२००३) हा या वाटचालीतील सर्वांत महत्त्वाचा अल्बम. तो मुख्यतः एप्रिल २००२ मध्ये, सुमारे दोन आठवड्यांत, लंडनच्या टो रॅग स्टुडिओत आठ ट्रॅकच्या, म्हणजे आठच आवाज वेगवेगळे टिपणाऱ्या, यंत्रावर ध्वनिमुद्रित झाला. संगणकाचा वापर अजिबात केला नाही आणि यंत्रसामग्रीही बहुतांशी १९६०च्या दशकातील किंवा त्याआधीची होती. अल्बम ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेला आणि त्याला सर्वोत्कृष्ट ऑल्टरनेटिव्ह अल्बमचा ग्रॅमी पुरस्कार मिळाला. त्यातील ‘सेव्हन नेशन आर्मी’ या गाण्याची सात स्वरांची सुरावट जॅक यांना २००२च्या जानेवारीत मेलबर्नच्या एका कार्यक्रमापूर्वी ध्वनिचाचणी करताना सुचली. लहानपणी ‘साल्व्हेशन आर्मी’ या संस्थेचे नाव ते चुकीचे ऐकत, त्यावरून शीर्षक आले. ऐकणाऱ्याला ही सुरावट हमखास बेस गिटारवर वाजते आहे असे वाटते. वास्तविक ती साध्या गिटारवर वाजवून पायाने दाबायच्या उपकरणाच्या साह्याने एक सप्तक खाली उतरवलेली आहे. म्हणजे बेसविना चालणाऱ्या संचाचे सर्वांत लोकप्रिय गाणे बेसच्या आभासावर उभे आहे.

या गाण्याचा पुढचा प्रवास वादकांच्या हाती राहिला नाही. ऑक्टोबर २००३ मध्ये मिलान येथे आलेल्या बेल्जियमच्या क्लब ब्रुग या फुटबॉल संघाच्या चाहत्यांनी ती सुरावट शब्दांविना गुणगुणायला सुरुवात केली. त्या दिवशी त्यांच्या संघाने एसी मिलानला हरवले आणि चाहत्यांनी हा घोष घरी नेला. २००६ साली ब्रुगमध्ये खेळायला आलेल्या रोमा संघाच्या पाठीराख्यांनी तो उचलला, आणि त्याच वर्षी इटलीने विश्वचषक जिंकला तेव्हा रस्तोरस्ती तोच घोष चालला होता. मूळ गाणे कधीही न ऐकलेले कितीतरी लोक आज ती सुरावट गातात. लोकसंगीताच्या बाबतीत असे घडते, रॉकच्या बाबतीत ते क्वचितच.

‘गेट बिहाइंड मी सेटन’ (२००५) मध्ये गिटार मागे सारून पियानो आणि मरिंबा (लाकडी पट्ट्यांवर वाजवायचे वाद्य) पुढे आले, तर नॅशव्हिलमध्ये केलेल्या ‘इकी थम्प’ (२००७) मध्ये गिटार पुन्हा परतली. दोन्हींना सर्वोत्कृष्ट ऑल्टरनेटिव्ह अल्बमचे ग्रॅमी मिळाले. २००७च्या उन्हाळ्यात त्यांनी कॅनडाच्या प्रत्येक प्रांतात व प्रदेशात कार्यक्रम केले. मुख्य कार्यक्रमांखेरीज बस, होडी, बोलिंगची जागा अशा ठिकाणी अचानक वादन केले, आणि सेंट जॉन्स येथे तर जमलेल्या गर्दीसमोर एकच स्वर वाजवून कार्यक्रम संपवला. ३१ जुलै २००७ रोजी मिसिसिपीतील साउथहेवन येथे झालेला कार्यक्रम अखेरचा ठरला. सप्टेंबरमध्ये मेग यांना तीव्र चिंताविकाराचा त्रास होत असल्याने उरलेला दौरा रद्द झाला. त्यानंतर दोघे एकत्र वाजवताना दिसले ते फेब्रुवारी २००९ मध्ये, कोनन ओब्रायन यांच्या दूरचित्रवाणी कार्यक्रमाच्या निरोपाच्या भागात. विसर्जनाच्या निवेदनात प्रकृती किंवा कलाविषयक मतभेद ही कारणे नाकारून, संचातील सुंदर आणि विशेष ते जपण्यासाठी थांबत असल्याचे म्हटले होते.

मेग यांच्या वादनाविषयीचा वाद मात्र थांबलेला नाही. तंत्राच्या कसोटीवर त्यांचा ठेका बाळबोध ठरतो, हा आक्षेप जुना आहे. परंतु त्या ठेक्यात जागा मोकळ्या राहतात, आणि जॅक यांची गिटार त्या मोकळ्या जागांतच पसरते. ठोक्यांची संख्या वाढवली असती, तर ही गाणी उभीच राहिली नसती. २०२५ साली या द्वयीचा रॉक अँड रोल हॉल ऑफ फेम या रॉक संगीतातील मानकऱ्यांच्या यादीत समावेश झाला. समारंभात सन्मान स्वीकारण्यासाठी जॅक एकटेच आले. मेग उपस्थित नव्हत्या.